शेपटीवाला ठिपका

वहिनी: आता आणखी काय बाकी ठेवलंय, वन्सं? रात्रभर फ्रीजरमध्ये झोपवली, सकाळी बादलीत बुडवली. आता काय, कुकरला लावायची?

नणंद: टेबलावरून पाडायची. तीनदा. खाली फरशी.

वहिनी: अहो, बंदुकीवर लावून नेम धरायची नवी कोरी साईट आहे हो माझी!

नणंद: माझ्या नेमबाजीच्या रेंजवर लावायची तर माझी परीक्षा द्यायची. तपासणीचा कागद तुझ्यासमोर आहे. त्यात 'वहिनीची आहे म्हणून सोडली' असा रकाना आहे का?

वहिनी: नाही.

नणंद: मग सरक बाजूला. तू शिवलेल्या दोन कोटांच्या शिलाईच्या पैशांत लाल ठिपक्याची साईट, रेड डॉट, येतो का कुठे? चांगल्या साईटची नुसती काच येत नाही तेवढ्यात. हं, ही एक... ही दोन... आणि ही तीन. उचल. काच बघ.

वहिनी: ओरखडासुद्धा नाही! कोपऱ्यावरचा रंग उडालाय तेवढा. आणि ठिपका... लागला! लाल, गोल, मगाशी होता तस्सा. वा गं माझी बाई!

नणंद: नाचू नकोस. बंदुकीवर बसव, स्क्रू घट्ट कर. पडल्यावर नेम सरकला नाही ना, ते बघायचंय. पाच मार.

वहिनी: पुन्हा मीच? सकाळपासून मीच मारतेय. चौकोनसुद्धा मीच मारला.

नणंद: दाखव बरं तो चौकोन परत. साईटचा स्क्रू फिरवून नेम दहा क्लिक वर, दहा उजवीकडे, दहा खाली, दहा डावीकडे...

वहिनी: आणि शेवटचा छर्रा पहिल्याच भोकात! बघा की. मी टेबलावर पट्टी आणि खडू घेऊन बसले असते ना, तरी इतका काटकोनात आला नसता.

नणंद: हं. हे मात्र मानलं. अठ्ठावीस वर्षं मी इथे साईट तपासतेय. हिच्या दसपट महागाच्या साईट परत येताना वाट चुकलेल्या पाहिल्यात. ही निमूटपणे घरी आली.

वहिनी: अय्या! कौतुक? लिहून घेऊ?

नणंद: लिही. 'चौकोन पूर्ण, परत जागेवर.' अक्षर नीट काढ. सोमवारपासून हे कागद दुसरं कुणीतरी वाचणार आहे.

वहिनी: ते काही मी ऐकलेलं नाही.

नणंद: तीनदा सांगितलंय तुला. ही माझी शेवटची तपासणी. ते काय राजीनाम्याचं पाकीट, छर्‍यांच्या डबीखाली. सोमवारी क्लबच्या सेक्रेटरींच्या हातात द्यायचं, की सुटले.

वहिनी: तीनदा सांगितलंत, तीनदा ऐकलं नाही. ज्या बाईनं मला दुकानातून ओढून इथे आणलं, शिवणयंत्रावर वाकलेली पाठ सरळ करून हातात बंदूक दिली, तीच आता म्हणते मी निघाले. असं कुठे असतं का?

नणंद: असतं. हात गेला की असतं. दोन वर्षांत माझे पाच छर्रे एका जागी बसलेले नाहीत, एक ग्रुप धड लागलेला नाही. टार्गेटवर चाळणी होते नुसती.

वहिनी: आधी म्हणालात, छर्रे वाईट आलेत. छर्रे बदलले. मग म्हणालात, बल्ब पिवळे आहेत. ते बदलले. मग बंदुकीचा दस्ता बदलला. आता बदलायला काही उरलं नाही म्हणून हातावर आलात होय?

नणंद: बडबड पुरे. घे ती बंदूक.

वहिनी: नाही घेत. शेवटची तपासणी ना? मग शेवटचे पाच तुम्ही मारा. चांगल्या साईटला तुमचा हात लागू दे की जरा.

नणंद: वहिनी...

वहिनी: मी पेन घेऊन बसलेय. चला.

नणंद: हट्टी आहेस. दादा कसा काढतो तुझ्याबरोबर दिवस, त्याचं त्यालाच ठाऊक. दे इकडे. आणि तो उजेड कमी कर साईटचा. आणखी कमी... हं? हे काय?

वहिनी: काय झालं?

नणंद: तुझी साईट नापास.

वहिनी: काय?

नणंद: ठिपक्याला शेपटी आहे. स्वल्पविराम काढलाय नुसता. खाली तिरकी ओघळलीये लाली. वाटलंच होतं मला. दोन कोटांच्या शिलाईत असलंच मिळणार. लिही, 'दोष' म्हणून रकाना आहे बघ. 'ठिपक्याला शेपटी.'

वहिनी: अहो, गोल आहे तो! मी सकाळपासून बघतेय. टाचणीच्या डोक्यासारखा गोल.

नणंद: तुझी आहे म्हणून गोल. लिही म्हणते ना.

वहिनी: लिहिते. पण खोटं लिहायला लावताय. हे घ्या, 'ठिपक्याला शेपटी'. मी आजवर तुमच्याशी खोटं बोललेय का कधी?

नणंद: ...नाही.

वहिनी: मग?

नणंद: थांब. साईट काढ बंदुकीवरून. सुटी दे माझ्या हातात. याची पण तपासणी असते. काचेत खोट असेल तर साईट फिरवली की शेपटी पण फिरली पाहिजे. सोपं आहे. आता शेपटी खाली आहे. मी साईट आडवी करते, म्हणजे शेपटी बाजूला जाईल. बघ हं.

वहिनी: मी काय बघू? डोळा तुमचा लावलाय.

नणंद: आडवी केली.

वहिनी: मग? गेली बाजूला?

नणंद: उलटी करते.

वहिनी: वन्सं, शेपटी कुठे आहे?

नणंद: खालीच.

वहिनी: म्हणजे फिरली नाही.

नणंद: आता साईट सरळच धरलीये. मान वाकडी करते. ...मानेबरोबर वाकडी झाली, वहिनी. शेपटी साईटची नाही. माझी आहे.

वहिनी: बसा तुम्ही जरा. ते स्टूल घ्या.

नणंद: छान झालं. आधी हात, आता डोळा. पाकिटातल्या पत्रात आणखी एक ओळ वाढवायला हवी.

वहिनी: हात गेला असं म्हणालं कोण?

नणंद: तुला काय सांगायचं? आईचे हात आठवत नाहीत का तुला? तू भरवलंस तिला चार वर्षं चमच्यानं. आधी आमटीची वाटी हिंदकळायची, मग पेला, मग सगळंच. माझ्याच वयात सुरू झालं होतं तिला. मी रोज सकाळी पाण्याचा पेला काठोकाठ भरते आणि हात लांब करून धरून बघते. दोन वर्षं. घरात कुणाला माहीत नाही.

वहिनी: देवा! आणि सांडतं?

नणंद: नाही अजून. पण टार्गेटवर चाळणी होतेच ना! म्हणजे उद्या सांडेल. उद्या नाही तर परवा. कुणीतरी बघण्याआधी आपणच उठून गेलेलं बरं.

वहिनी: आता माझं ऐका. परवा घाई होती म्हणून दुकानात येऊन चौदा बटणं लावून दिलीत मला. आठवतं? मी समोर बसून तुमचा हात बघत होते. सासूबाईंचे हात मी चार वर्षं माझ्या हातात धरलेत. कंप कसा सुरू होतो ते डॉक्टरपेक्षा मला जास्त कळतं. तुमची सुई एकदाही वाकडी गेली नाही.

नणंद: मग?

वहिनी: मग काय! प्रत्येक बटणाला सुई ओवायला मात्र माझ्याकडे दिलीत. चौदा वेळा. मला वाटलं, लाड करून घेताय.

नणंद: ...लक्षात नाही आलं माझ्या.

वहिनी: माझ्याही नाही आलं तेव्हा, घोडं इथे अडलंय म्हणून. डोळे शेवटचे कधी तपासलेत?

नणंद: डोळ्यांना काय झालंय? लांबची पाटी वाचते की मी. जवळचं वाचायला तो औषधाच्या दुकानातला तयार चष्मा आहे.

वहिनी: अगं बाई! जगाच्या साईट तपासणारी ही बाई, आणि चष्मा घेतला औषधाच्या दुकानातून, टांगलेला, हाताला लागेल तो! माझ्या शेजारचा चष्मेवाला काय करतो माहितीये? गिऱ्हाईक घाबरलेलं आलं, की आधी काळ्या पट्टीच्या बारीक भोकातून बघायला लावतो. भोकातून नीट दिसलं, तर म्हणतो, घाबरू नका, काम चष्म्याचं आहे. थांबा, माझ्या पिशवीत दाभण आहे. जाड कागद हवा फक्त... हं, हा चालेल.

नणंद: वहिनी! अगं ते माझं पत्र आहे!

वहिनी: पाकीट चांगलं जाड आहे. झालं भोक.

नणंद: पत्रासकट भोसकलंस?

वहिनी: दुसरा कागद नव्हता.

नणंद: मागे अख्खं खोकं भरलंय टार्गेटच्या कार्डांचं!

वहिनी: असेल. डोळ्यावरचा तो छर्‍यांपासून डोळे राखायचा साध्या काचेचा चष्मा इकडे द्या. उजव्या काचेवर चिकटपट्टीनं लावते. झालं. घाला. आता आरशात तेवढं बघू नका.

नणंद: काळोख आहे नुसता.

वहिनी: साईट बसवलीये बंदुकीवर. उजेड वाढवा ठिपक्याचा. मुंडी हलवत भोकाच्या मधोमध आणा. दिसला?

नणंद: थांब जरा.

वहिनी: काय दिसतंय?

नणंद: वहिनी...

वहिनी: अहो, बोला की! जीव टांगणीला लावू नका माझा.

नणंद: गोल आहे. टाचणीच्या डोक्यासारखा.

वहिनी: आणि शेपटी?

नणंद: नाही. गेली.

वहिनी: हां! आता मारा. छर्रा भरून दिलाय. वाळूच्या उशीवर टेका.

नणंद: नको उशी. उभ्यानं मारते. टेकून हाताचं काय कळणार?

(पाच छर्रे सुटतात, प्रत्येकाच्या आधी नणंद बराच वेळ नेम धरून ठेवते. मग दोरीवरून टार्गेट करकरत जवळ येतं.)

वहिनी: अगं आई गं.

नणंद: चाळणी?

वहिनी: तुम्हीच बघा.

नणंद: हा कागद आधी काढ डोळ्यावरचा. पाचच मारले ना मी? भोक एकच आहे.

वहिनी: एक आणि त्याला जरासा कान. बटणाखाली झाकेल. कोटाच्या नव्हे हं, शर्टाच्या! वन्सं, काय हात आहे हो तुमचा! बारा वर्षांची होते तेव्हापासून सुई धरतेय मी, पण असा हात नाही पाहिला. आणि हा तुम्ही घरी बसवून ठेवणार होतात?

नणंद: चाप ओढताना बघत होते मी. ठिपका टार्गेटच्या मध्यावर ठेवला आणि वाट बघत बसले, आता हलेल, आता हलेल. मी एवढा वेळ धरून ठेवला, की शेवटी माझाच श्वास संपला. दोन वर्षं पेला भरतेय गं मी. दोन वर्षं.

वहिनी: रडा. इथे मी आणि छर्रे, तिसरं कुणी नाही.

नणंद: रडत नाहीये. 

वहिनी: बरं. मग हा रुमाल नुसताच धरा. मंगळवारी चष्मेवाल्याकडे जायचं आहे. मी बरोबर येणार. आणि सोमवारचं काय ते आताच सांगा.

नणंद: सोमवारी काय?

वहिनी: ते सेक्रेटरी.

नणंद: भोक पडलेलं पत्र देऊ त्यांना? बरं दिसेल का ते?

वहिनी: तेच म्हणते मी.

नणंद: तू ना, वहिनी, महा लबाड आहेस. ये इकडे. ...बास, बास. आता तो कागद घे. तुझ्या साईटचं राहिलंय. तिला उगाच नावं ठेवली मी. जवळजवळ फुकटात आली बिचारी. गारठली, बुडली, पडली, तरी जागची हलली नाही. आणि जे कुणाला सांगता आलं नाही, ते सांगून मोकळी झाली. 'दोष' मधलं खोड.

वहिनी: खोडलं. तुमची सही हवी इथे, खाडाखोडीला.

नणंद: ही घे. आता लिही. ठिपका गोल आहे.

वहिनी: ठिपका... गोल... आहे. पुढे?

नणंद: हलत नाही.

वहिनी: काय हलत नाही? ठिपका की हात?

नणंद: नुसतं लिही गं. मोठ्या अक्षरात. मला वाचायचंय.