पुसलेला वण

चेन्नईत गिंडीच्या बसथांब्यावर तुळसी उभी होती. लेकीचा फोटो स्टुडिओत द्यायचा होता, गालावरचा डाग पुसून घ्यायला. पुढ्यात दोघी मायलेकी बोलत होत्या.

“कनका, तुझ्या कार्यक्रमात स्टेजवर नुसती बसणार तू?”

“हो अम्मा. समोर व्हिडिओ कॅमेरा, मागं पडद्यावर माझा चेहरा.”

“अय्यो! कपाळावरचा भाजल्याचा वण?”

“हातभर दिसेल. त्याच्या शेजारी लग्नाच्या स्थळांना धाडलेला माझा फोटो. त्यात वण नाहीच.”

“तो मीच पुसवला होता गं.”

“ठाऊक आहे. नंतर प्रेक्षकांनाही कॅमेऱ्यासमोर बोलावणार.”

“कोण येईल?”

“बघू.”

“पहिली मी येईन. माझे देवीचे वण दाखव. पावडर लावणार नाही.”

बस आली. तुळसी चढली नाही.

“अहो बाई, कुठं आहे हा कार्यक्रम? लेकीला आणीन म्हणते.”