बांधावरचं हसू

मैना : च्या नको, दादा. आदी सांगा, ती बाई कोन?

शरच्चंद्र : कोणती बाई, मैनाबाई? बसा तरी.

मैना : तुमी विलायतेत शिनेमे कापून जोडता ना? आमच्या पोशीरच्या भातलावनीचा शिनेमा तुमीच जोडला, मास्तर म्हनले. शाळेम्होरं पडदा लावून दाकवला. आमचं मालक बांदावर बसून हसतात, लगेच ती बाई. पान्यात पाय सोडून बसलेली. तीबी हसते, पदर सारका करते. सगळा गाव शिट्ट्या मारत हुता.

शरच्चंद्र : अच्छा, ती. ती पळसदरीच्या धरणावरची. तुमच्या नवऱ्यानं तिला जन्मात पाहिलेलं नाही.

मैना : मालक म्हनतात, कुनाला हसलो आठवत नाय. हसलेलं मानूस इसरतं का? मी तशीच खालापूरला म्हायेरी गेले. तुमी कर्जतला घरी आल्याचं कळलं, म्हनून आज त्यांला घेऊन आले. भायेर बसवलंय. तुमी सांगाल त्यावर ठरनार, मी कुठली एसटी धरायची.

शरच्चंद्र : अहो, दोघांची चित्रं वेगवेगळ्या दिवशी घेतलेली. पासष्टच्या पावसाळ्यात. मी लंडनला बसून ती एकापुढे एक लावली. तो हसतो, ती हसते. पाहणाऱ्याला वाटतं, एकमेकांना हसले.

मैना : असं का केलंत पन?

शरच्चंद्र : नुसती लावणी पाहून लोक पेंगतात.

मैना : म्हंजे लबाडीचाच धंदा.

शरच्चंद्र : रोमला लढाया जोडल्या, लंडनला विनोदी चित्रपट, कैरोत रडारडीचे. निम्म्या ठिकाणची भाषाही कळायची नाही. पण लबाड कुणी म्हटलं नव्हतं.

मैना : त्यांच्यातली कुनाची बायको म्हायेरी गेली नसंल. बरं, तिला नाय हसले. मग कुनाला?

शरच्चंद्र : तुम्हाला.

मैना : लय गोड बोलता.

शरच्चंद्र : त्याच्या हसण्याची फिल्मची पट्टी लांब होती. तो समोर पाहून हसायला लागतो, मग टोपली घेतलेली एक बाई पाठमोरी येते आणि त्याच्यापुढे टोपली ठेवते. तिथून पुढचं मी कापलं. आत आलात तेव्हाच तुम्हाला ओळखलं.

मैना : पोशीरच्या हरेक बाईच्या डोईवर भाकरीची टोपली असते. ह्ये मालकांनी पढवलं असंल. मगाशी फाटकात बोलत हुतात दोगं.

शरच्चंद्र : पाणी हवं का, एवढंच विचारलं त्याला.

मैना : मी हुते, तर मला टाकलं कशापायी? वंगाळ दिसते?

शरच्चंद्र : टोपली ठेवून तुम्ही वळलात आणि थेट कॅमेऱ्यात पाहिलंत. असं कुणी पाहिलं की तुकडा टाकावाच लागतो. आणि नजर तर अशी, की मी खुर्चीत मागे सरलो.

मैना : कसली नजर?

शरच्चंद्र : खाऊ की गिळू.

मैना : ...त्यो शिनेमा काडनारा गोरा क्यामेऱ्याचं तिकाटनं घेऊन माज्या रोपांत उबा हुता. लावायची रोपं, पार चिखलात घातली. पावना मानूस, म्हनून त्वांडानं बोलले नाय. मालकांनाबी नाय सांगितलं. माजी पाठ हुती त्यांच्याकडं, त्यांना दिसलंबी नाय.

शरच्चंद्र : मला दिसलं.

मैना : मग आता जोडा की ते परत.

शरच्चंद्र : कापलेल्या पट्ट्या कचऱ्यात जातात, मैनाबाई. आणि चित्रपट कुठल्या कुठल्या देशांत पोचलाय.

मैना : म्हंजे तिकडं सगळीकडं आमचं मालक तिलाच हसनार.

शरच्चंद्र : हो. तिलाच.

(मैना दाराशी जाते. बाहेर तिचा नवरा नागू बसलेला आहे.)

मैना : उटा. नेरळची एसटी धरू.

नागू : घरी? काय म्हनले सायेब? मी कुनाला हसलो?

मैना : म्हशीला.

नागू : असंल. चांगली हुती ती म्हैस.