राणीचा साक्षीदार

जुन्नरच्या स्टँडवर गाडीची वाट बघून कंटाळलेल्या जतनबाईंच्या कानावर मागच्या बाकावरच्या दोन म्हाताऱ्यांचं बोलणं पडू लागलं.

“दिलावर, खरंच हायकोर्टात चाललास?”

“मग काय करू, केवलशेठ? कलावंताची पेन्शन नाकारली. म्हणं, तमाशात व्हता ह्याला पुरावा न्हाई.”

“फोटो दाखवायचे!”

“दाखवले की. वगात मी राणी व्हायचो, समदे फोटो लुगड्यातले. साहेब म्हणला, ह्या बाईंनाच अर्ज करू द्या.”

“अरेरे!”

“आता वकिलाला साक्षीदार पायजे. तुमी तर रोज पुढं बसायचा. शपथेवर सांगा, राणी म्हंजी ह्योच दिलावर.”

“हळू बोल! त्या राणीला मी चोळीचा खण धाडला होता.”

“ठावं हाय. आमच्या घरवालीनं, बिबिजाननं शिवून घातला.”

“मग कोर्टात काय सांगू? पुरुषाला खण दिला?”

“शेठ, तुमी फसला म्हणून खण दिला. साहेब फसला म्हणून अर्ज फेटाळला. माझ्या कलेला ह्याच्यापरीस मोठा पुरावा कोणता?”

जतनबाईंनी मान न वळवता पदर तोंडाला लावला.

“बघतो,” केवलशेठ म्हणाले, “घरी विचारून सांगतो.”