गुलाबीचं पोट

…आणि वर ती सूनबाईबरोबर खेळणारी पोरं मलाच म्हणतात, "आजोबा, किती मनाला लावून घेता! गेम आहे हो." गेम आहे ना? मग तुम्ही का घसा फोडून ओरडता? मी ओरडलो की मनाला लावून घेतलं, आणि तुम्ही ओरडलात की ती रणनीती! वा!

तुम्हाला सांगतो, मी फार बोलणारा माणूस नाही. अख्खी नोकरी क्रेनच्या केबिनमध्ये गेली. वर मी एकटा, खाली माणसं. खालून हातानं खूण करायची, मी ओझं उचलायचं. बोलायचा प्रश्नच नाही. घरीही तेच. आमच्या हिला विचारा… नको, हिला नका विचारू. ती सुरू झाली की माझं राहून जाईल.

तर मूळ सगळं सूनबाईचं. सूनबाई चष्म्याच्या दुकानात लोकांचे डोळे तपासते. दिवसभर "आता नीट दिसतंय, की मघाशी नीट दिसत होतं?" असं विचारून घरी आली, की कानाला हेडफोन लावून कॉम्प्युटरसमोर. त्यात एक बेट आहे. बेटावर उघडंनागडं जाऊन पडायचं, दगड गोळा करायचे, घर बांधायचं, आणि जनावरं पाळायची. जनावर तरी कसलं? घोरपडीचं तोंड, बैलाचं अंग, शहामृगाचे पाय. आमची ही त्यांना पाली म्हणते. "सूनबाई, तुझ्या पाली आवर आणि जेवायला ये!"

मला काय त्याचं? काही नाही. पण गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि मला घरात बसवलं. तेव्हा सूनबाई म्हणाली, "बाबा, तुम्ही दुपारी रिकामेच असता…" रिकामा! मी! "…तर पिल्लांना जरा भरवाल का? बेटावर माझ्याबरोबर खेळणारी आमची सगळी टोळी दुपारी कामावर असते आणि पिल्लं उपाशी मरतात." कारण त्या बेटावर वेळ थांबत नाही म्हणे. तुम्ही कामावर जा, नाहीतर झोपा, पिल्लाला भूक लागतेच. म्हटलं, बघू. तिनं जुना लॅपटॉप माझ्यापुढं ठेवला, हातात ते दांड्यांचं यंत्र दिलं. शिकवायला लागली तर म्हटलं, राहू दे. क्रेनला हातभर दांडे होते, याला अंगठ्याएवढे आहेत, एवढाच फरक.

आता ती टोळी काय करते ते सांगतो. चांगला नर घ्यायचा, चांगली मादी घ्यायची, अंडं मिळवायचं. पिल्लू एकाची ताकद घेतं, दुसऱ्याचा दम घेतं. यात नवल नाही. आमच्या चिरंजीवांनी माझं नाक घेतलं आणि आईचं बोलणं घेतलं. उलट झालं असतं तर घर शांत राहिलं असतं. पण कधीतरी, न सांगता, पिल्लात काहीतरी उडी मारतं. आईत नाही, बापात नाही, अशी ताकद एकदम वर! आणि अंगाचा रंगही बदलतो. याला म्युटेशन म्हणतात. मग त्या पिल्लाची पिल्लं, त्यांतल्या एखाद्यात पुन्हा उडी, असं पिढ्यान्पिढ्या चढवत न्यायचं, की शेवटी दगडी भिंत डोक्यानं पाडणारं जनावर तयार होतं. चांगलं आहे. मेहनतीचं काम आहे. मला पटलं. त्यात एक नियम आहे: अंडं फुटल्यावर पिल्लाला ज्याचा हात पहिला लागेल, त्याचंच ते. जन्मभर त्याचंच ऐकणार, त्यालाच पाठीवर घेणार. हा नियम लक्षात ठेवा. पुढं तो माझ्या अंगाशी येणार आहे.

मी विचारलं, "आणि ज्या पिल्लांत उडी नाही, त्यांचं काय?"

"मारायची," सूनबाई म्हणाली. पोळी मोडता मोडता! "आई-बापाइतकी ताकद असते हो त्यांच्यात, पण त्याहून जास्त नाही ना. मग उगाच जागा अडवतात. कुऱ्हाड तुमच्या पहिल्या खिशात ठेवलीय, बाबा."

आता सांगा! दुपारी यांना हातानं भरवायचं, पाठ थोपटायची, ते डोळे मिटून घुर्र घुर्र करणार, आणि नंतर उठून कुऱ्हाड? का, तर बापाइतकंच निघालं म्हणून? अहो, बापाइतकं निघालं हे कमी आहे का? आमच्या घरात तर… जाऊ द्या. मी सांगितलं, भरवीन. राखीन. शेण काढीन. मारणार नाही म्हणजे नाही.

बरं, म्हणाले, ते आमचं आम्ही बघू. आणि बघायचेही. संध्याकाळी सगळे कामावरून आले की गोठा साफ. मी तेवढ्यात गॅलरीत जाऊन उभा राहायचो.

मग एका दुपारी गुलाबी जन्मली.

गुलाबी म्हणजे किती गुलाबी? लहान पोरीच्या दप्तराइतकी. एवढं राक्षसी जनावर आणि रंग हा! अंडं फुटलं, बाकी कुणी नव्हतं, माझा हात लागला. लगेच मी तिची पाटी, म्हणजे ताकद, दम, वेग लिहिलेला तक्ता, उघडून बघितली. उडी होती! मी सूनबाईला दुकानात फोन केला. आयुष्यात पहिल्यांदा. ती घाबरली, म्हणाली, "बाबा, काय झालं? आई बऱ्या आहेत ना?" म्हटलं, "उडी आहे. गुलाबी रंग आहे." ती गिऱ्हाइकासमोर किंचाळली. "कशात आहे उडी? ताकदीत?" मी पुन्हा बघितलं. ताकद तीच. दम तोच. वेग तोच.

"पोटात आहे," म्हटलं.

म्हणजे काय, तर हिचं पोट मोठं. जास्त खाणार. बस्स! आमची ही मागून बघत होती. म्हणाली, "अगदी तुमच्यावर गेलीय."

संध्याकाळी टोळीची बैठक. माझ्याही कानाला हेडफोन. टोळीचा सरदार आहे एक. सरदार म्हणजे मिशीबिशी समजू नका, औषधाच्या दुकानात गोळ्या देतो आणि नाकात बोलतो. "आजोबा, रंग क्यूट आहे, पण ही काही उपयोगाची नाही ना. नुसतं खाणार. मांस कोण आणणार? गोठ्यात जागा नाही. इमोशनल होऊ नका. बाजूला करू या हिला."

उपयोगाची नाही. हे वाक्य मी पूर्वी एकदा ऐकलं होतं. यार्डात नवीन क्रेन आली होती, खालूनच बटणानं चालणारी, आणि साहेब माझ्याशी बोलत होते. तेव्हा मी गप्प बसलो होतो. जाऊ द्या.

या वेळी बसलो नाही. म्हटलं, "ए सरदार! यार्डात साहेब खूण करायचे, ओझं माणसांच्या डोक्यावरून ने, वेळ वाचेल. मी काय करायचो? इंजिन बंद करून हाताची घडी घालायचो. साहेब नाचायचे खाली. नाचू देत. माणसं बाजूला झाल्याशिवाय मी दांड्याला हात लावला नाही. तेव्हा लावला नाही, तर आता तू सांगतोस म्हणून कुऱ्हाडीला लावीन? मारणार नाही म्हणजे नाही!"

पलीकडच्या खोलीतून सूनबाईचा आवाज आला, भिंतीतूनही आणि हेडफोनमधूनही, दोनदा: "बाबा, प्लीज. सगळ्यांनी हात वर करून ठरवलंय."

ठरवलंय? ठरवा. तिथं एक बटण असतं, 'टोळी सोडा'. सोडली! गुलाबीला घेऊन निघालो. समुद्राच्या काठाला चार दगड मांडले, फाटक केलं, आणि एक माणूस, एक जनावर, अशी आमची टोळी सुरू झाली. घरात त्या दिवसापासून काय थाट! सूनबाई आमटी वाढताना म्हणायची, "तुमच्या टोळीला अजून थोडी वाढू?" मी म्हणायचो, "आमच्या टोळीचं पोट मोठं आहे. वाढा." चिरंजीव ताटात तोंड घालून हसायचे.

आणि मग गंमत ऐका. बातमी पसरली. बेटावर एक म्हातारा आहे, टाकाऊ जनावरं ठेवून घेतो. अहो, लोक यायला लागले! कोण कुठले, शत्रूच्या टोळीतले, अनोळखी! फाटकाशी जनावर बांधून ठेवायचे आणि लाजल्यासारखं म्हणायचे, "काका, मारवत नाही हो, पण टोळीत सांगता येत नाही." एकजण तर रडला. मी म्हटलं, रडू नकोस, दोर सैल बांध. खुद्द आमच्या सरदाराच्या गोठ्यातून एक करडा नर आला. कुणी आणून सोडला ते माहीत नाही. म्हणजे माहीत आहे. त्या दिवशी सूनबाई जेवताना माझ्याकडे बघत नव्हती.

तो करडा नर आणि आमची गुलाबी. मी काही ठरवून केलं नाही, शेजारी बांधली होती एवढंच. झालं अंडं!

अंडं उबेला ठेवलं, भोवती शेकोट्या पेटवल्या, दोन दिवस राखण केली. अगदी फुटायच्या बेतात आलं आणि दाराची बेल वाजली. प्लंबर! महिनाभर बोलावतोय, येत नव्हता, आणि आला तो कधी? मी हिला म्हटलं, "इथं बस. नुसतं बघ. काही झालं तर हाक मार. कशालाही हात लावू नकोस."

तुम्ही लग्न केलेली माणसं आहात. कुठं चुकलो ते कळलं ना तुम्हाला?

प्लंबरला नळ दाखवून आलो तर ही खुर्चीत, हातात ते दांड्यांचं यंत्र, आणि पडद्यावर माझ्या माणसाच्या जागी सूनबाईनं कधीतरी हिच्या नावानं करून ठेवलेली बाई. "फुटलं," म्हणाली. "फारच केविलवाणं ओरडत होतं हो. तिथं लिहून आलं, जवळ घ्या. मी घेतलं." आणि पिल्लू? काळंभोर, पाठीवर गुलाबी पट्टा. पाटी उघडली. ताकद बघितली. चष्मा पुसून पुन्हा बघितली. एका पिल्लात दोन उड्या, आणि दोन्ही ताकदीत! त्या बेटावर असं जनावर कुणाकडंच नव्हतं. टाकाऊ आईचं, टाकाऊ बापाचं! माझी छाती फुगली. पडद्यावर परत माझा माणूस आणला, हात पुढं केला. तर ते गुरगुरलं. माझ्यावर! आणि हिच्याकडे जाऊन डोकं घासायला लागलं.

"हिचं नाव ठकी," ही म्हणाली. "आणि तिला पाल म्हणायचं नाही."

पुढं व्हायचं तेच झालं. डोंगरापलीकडच्या टोळीनं सूनबाईच्या टोळीवर हल्ला केला. भिंत पाडली, पिढ्यान्पिढ्या चढवलेली जनावरं आडवी केली. सरदार नाकातून रडायला लागला. आणि सूनबाई माझ्या खोलीत आली. हातात चहा. दोन कप. मी मान ताठ केली. काय बोलायचं ते मी केव्हाच पाठ करून ठेवलं होतं. यार्ड, साहेब, सगळं!

तिनं मला एक कप दिला आणि दुसरा घेऊन हिच्यासमोर बसली. "आई, ठकीला घेऊन आमच्या टोळीत याल का?"

मी म्हटलं, "थांब! आधी माझं…"

"ह्यांना नको विचारू," ही म्हणाली. "ठकी माझी आहे. येते मी. पण ह्यांची सगळीच्या सगळी येतील. ती गुलाबीसुद्धा. आणि यापुढं तुमच्या गोठ्यात एकही पिल्लू मारायचं नाही. जमतंय का बघा, नाहीतर मी कपडे वाळत घालायला जाते."

"जमेल," सूनबाईच्या गळ्यातल्या हेडफोनमधून सरदार म्हणाला. लगेच! मी एवढं घसा कोरडा करून सांगितलं, टोळी सोडली, समुद्राकाठी वनवास काढला. आणि ही कपडे वाळत घालायला निघाली तर यांना जमलं!

"पण आजी," सरदार म्हणाला, "एवढ्यांना मांस कोण आणणार?"

"हे आणतील," ही म्हणाली. "रिकामेच असतात."

तेव्हा तुम्हाला सांगतो, आता ही ठकीवर बसून भिंती पाडते, सगळी टोळी "आजी, आजी" करत तिच्या मागं धावते, आणि मी खांद्यावर मांसाची टोपली घेऊन गोठ्यात फेऱ्या घालतो. मारणार नाही म्हणालो होतो ना? नाही मारलं. एकालाही नाही. पण निघतो मी आता. गुलाबीचं चौथं जेवण व्हायचंय.