पट्टीखालचा चेहरा

मॉडेल : मावशी, जरा सैल बांधा ना. पापणीसुद्धा हलत नाहीये.

मावशी : मान वर कर. जन्म गेला माझा चेहरे रंगवण्यात, झाकायचं काम आज पहिल्यांदाच आलंय.

मॉडेल : अपघाताचा सीन आहे, तर कपाळाला पट्टी पुरली असती की. हात, तोंड, सगळंच कशाला?

मावशी : वरून जसं आलं तसं बांधायचं, बाई.

मॉडेल : सकाळपासून तुम्ही माझ्याकडे नीट बघत नाही आहात. काय झालंय?

मावशी : पलीकडच्या खोलीत नवी मुलगी बसलीय. तुझे कपडे तिच्या मापाचे करून घेतायत.

मॉडेल : म्हणजे पट्टी सुटली की...

मावशी : आतून ती निघणार. डॉक्टरांनी चेहरा बदलला म्हणे.

मॉडेल : आत्ता कुठे मालिका सुरू झालीय. माझं चुकलं काय?

मावशी : रडायची वेळ आली की तू थेट कॅमेऱ्यात बघतेस. समोर सासू मरतेय आणि तुझी नजर कॅमेऱ्यात. परवा साहेबांनी कपाळावर हात मारून घेतला.

मॉडेल : जाहिरातीत तिकडेच बघायला शिकवलं हो. साबण असो की पंखा, नजर हटली की बोलणी बसायची. ती खोड लगेच कशी जाईल?

(दिग्दर्शकाचा असिस्टंट दारातून डोकावतो.)

असिस्टंट : झालं का? कॉट लागलीय.

मॉडेल : दादा, पट्टी सुटेपर्यंत तरी मीच पडते ना. आता डोळेच झाकलेत, चूक व्हायची सोयच नाही.

असिस्टंट : तुझं आजच संपलं गं.

मॉडेल : पाया पडते. चौकाचौकात माझा चेहरा लागला होता, आता पट्टीत ठेवा म्हणून हात जोडतेय. आई गल्लीतल्या बायकांना घरी बोलावून मालिका दाखवते. तिला काय सांगू?

असिस्टंट : नवी म्हणते, पट्टीतही तीच पडणार. तिचे कपडे झाले नाहीत म्हणून आज तू आहेस. आणा हिला, मावशी, चला.

मावशी : गेला मेला. रडू नकोस गं, पट्टी ओली होईल.

मॉडेल : बघा ना, आता खरं रडू आलंय, आणि कॅमेरा कुठे आहे तेही दिसत नाहीये.

मावशी : ऊठ. माझा हात धर.

मॉडेल : या हाताची पट्टी तेवढी सोडा, मावशी. आईला माझी बोटं कळतील.