बंगल्याला किल्ला म्हणतात

दोन हजार एकवीसचा एप्रिल, म्हणजे ऑस्ट्रेलियातल्या ॲडलेडची पानगळ. साथीमुळे विमानं बंद, म्हणून मी वर्षभर मॉसन लेक्सला मुलाकडे अडकलो होतो. त्याने एका दिवसाच्या सहलीचं तिकीट काढलं. म्हणाला, "बाबा, वाइनची जुनी गावं आहेत, आणि एक किल्लापण."

किल्ला म्हटल्यावर मी बूट घातले, काठी घेतली. डबा घेतला नाही. सिंहगडावर पिठलं-भाकरी मिळते, तसं तिथेही काहीतरी मिळेलच.

किल्ला कसला, मनोरा लावलेला बंगला! ना तट, ना चढण. बसमधून उतरलं की दार. आमच्या बसचा गाइड छाती फुगवून म्हणाला, "दीडशे वर्षं जुना!"

मी मराठीतच म्हणालो, "आमच्या गावची विहीर याहून थोरली."

"येस, येस," तो म्हणाला.

दाराशी साथीच्या भीतीने हातांना औषध चोळायला लावलं, आणि आत जो तो वाइन तोंडात घेऊन भांड्यात थुंकत होता. विकत घ्यायची आणि थुंकायची! जेवायला थंड मांस. मी माळकरी, उपाशी बसलो.

गाइडने ते पाहिलं. स्वतःचा चीज-ब्रेडचा डबा पुढे केला. मी नको म्हटलं, तर "नो वरीज, मेट" म्हणत माझ्या मांडीवर ठेवून गेला. खाल्लं. डबा धुवायला घरी आणला.

मुलगा हसला. "बाबा, असला डबा इथे कोणी परत मागत नाही."

"मागायची वाट आपण बघत नाही. आणि रिकामाही देत नाही."

रविवारी त्याला गाडी काढायला लावली, सहलीची बस सुटते तिथे गेलो. गाइड बसपाशीच उभा होता. शंकरपाळ्यांनी भरलेला डबा त्याच्या हातात दिला आणि गाडीत येऊन बसलो.