दारातल्या चपला

आमचं गाव रत्नागिरीकडं, खाडीच्या काठाला, बापूस होडीवर व्हता, आणि मी इकडं आखातात, हमद पोर्टच्या बंदरावर माणसं न्यायची गाडी चालवतो, चौदा वर्सं झाली. आता तुमी बोलाल ह्याचं नि पिक्चरचं काय. तर काय सांगू तुमाला, येक तुर्की माणूस इकडं पिक्चर काढायला आला, केमाल नाव त्याचं, इस्तंबूलचा, जन्मभर भुताचेच पिक्चर लिवलेले नि काढलेले, आणि त्याच्या गाडीवर आमच्या कंपनीच्या साहेबानं मला दिला.

गाडीत तो तोडक्यामोडक्या इंग्लिशमध्ये सगळं सांगायचा. पयल्या पिक्चरला बायका थेटरातून पळाल्या, दुसऱ्याला पण पळाल्या, मंग हळूहळू माणसं हसायला लागली, शेवटच्या दोन पिक्चरांना तर पोट धरून हसली. बोलला, इब्राहीम, ह्या खेपेला कोण घाबरलं नाय तर खलास, प्रोड्यूसर मला दारात उभा करायचा नाय. मला लय वाईट वाटलं, हसू पण आलं, खोटं कशाला बोलू.

उम्म सलाल मोहम्मद गावाला शूटिंगसाठी मळ्यातलं रिकामं घर घेतलेलं, खिडक्यांना कांबळी लावून भर दुपारी रात केलेली. भूत करणारा नट तापानं पडला. मी उंच, सुक्या बोंबलासारखा, केमाल बोलला, यल्ला, चल, तूच भूत. तोंडाला पांढरं फासलं, काळा झगा घातला, दार ढकलून आत जायचं, बस. मी गेलो, नि उंबऱ्यावर चपला काढल्या. कट. परत गेलो, परत काढल्या. चार वेळा. आईनं पाठीत धपाटे घालून लावलेली सवय, भूत झालो म्हणून काय सुटते? सगळी माणसं लोळून हसली. मला वाटलं, बुडवला मी ह्याला.

केमाल मात्र हसला नाय, चपलांकडं बघत ऱ्हायला. मंग हळू बोलला, आता तू दिसूच नको, नुसत्या चपला ऱ्हाऊ देत. बाई घरात येकटी, नि दारात कुणाच्या तरी चपला. मंग पुढचं आमी दोघांनी तिथंच बसून लिवलं, पयल्या दिवशी उंबऱ्याबाहेर, दुसऱ्या दिवशी मधल्या खोलीत, मंग तिच्या खाटेखाली.

इस्तंबूलला पिक्चर लागला तवा केमालनं थेटरातून फोन लावला नि माणसांकडं धरून ऱ्हायला. माणसं किंचाळत व्हती हो. मी पार्किंगमध्ये गाडी उभी करून रडलो, येवढा आनंद. लिवणाऱ्यांत त्याच्या खाली माझं नाव हाय.

आता केमाल फोन करतो, बोलतो, नवी गोष्ट दे. मी अजून पोर्टचीच गाडी चालवतो, बायको बोलते, ओ रायटर, येताना मासे आणा. चाललंय मजेत. अल्ला त्या माणसाला उदंड भुतं देवो.